बेणारेचे स्वगत, लहान्याचे मौन : नाटककार तेंडुलकर पटकथेकडे वळले तेव्हा

मी तेव्हा दहावीत होतो. गणपतीचे दिवस होते आणि आमच्या बार्शीटाकळीत मंडळाने अकोल्याहून भाड्याने टीव्ही आणि व्हीसीआर आणला होता. एका रात्रीत तीन सिनेमे दाखवायचे, असा तेव्हाचा हिशेब. दोन कॅसेटी ठरलेल्या होत्या. तिसरी निवडणाऱ्याने केवळ नाव वाचून उचलली. ‘आक्रोश’ म्हणजे मारधाडीचा असणार, असा त्याचा अंदाज.

रात्री बाराच्या पुढे तो सिनेमा सुरू झाला. अर्ध्या तासात निम्मी मंडळी उठून गेली. उरलेल्यांत काही जागरणाची हौस असलेली पोरे होती, आणि मागे ओट्याला टेकून बसलेल्या चार-पाच बाया होत्या. दिवसभर निंदणाला जाऊन आलेल्या. पडद्यावर वकील आरोपीला परोपरीने विचारत होता आणि आरोपी बोलत नव्हता. शेवटी आमच्यातला एक जण वैतागून म्हणाला, “हा बोलत काहून नाही?” मागून एक बाई अगदी साध्या आवाजात म्हणाली, “बोलूनसन्या काय होते बाप्पा?”

त्या आरोपीची गोष्ट लिहिणारा माणूस मराठी नाटककार आहे, हे मला पुढे दोन-तीन वर्षांनी कळले. तालुक्याच्या वाचनालयात ‘शांतता! कोर्ट चालू आहे’चे पुस्तक हाती आले. त्यातही कोर्ट, त्यातही आरोपी. फक्त ही आरोपी शेवटी बोलते आणि पानेच्या पाने बोलते. एकाच लेखकाने एका आरोपीला एवढे बोलायला लावावे आणि दुसऱ्याला जवळजवळ मुके ठेवावे, याचा उलगडा होईना. तो प्रश्न मी तेव्हापासून जवळ बाळगून आहे. हा लेख त्याचाच पाठपुरावा आहे.

नेहमीचे उत्तर आणि त्याची अडचण

विजय तेंडुलकरांच्या चित्रपटलेखनाविषयी आपल्याकडे एक ठरीव मत आहे. तेंडुलकर मोठे नाटककार. सत्तरच्या दशकात ते सिनेमाकडे वळले, तिथेही त्यांनी नाव मिळवले, पण त्यांचे खरे कर्तृत्व नाटकात. म्हणून त्यांच्यावरचा प्रबंध असो वा गौरवलेख, शंभर पाने नाटकांना आणि शेवटचे पान-दीड पान ‘चित्रपटांसाठीही त्यांनी लेखन केले’ या वाक्याला. काही वर्षांपूर्वी एका परिसंवादात मी या विषयावर बोलायची इच्छा दाखवली, तेव्हा मला ऐकवले गेले की पटकथा हा साहित्यप्रकारच नाही, ते दिग्दर्शकाच्या हातातले टाचण असते.

या मताची पहिली अडचण तारखांची आहे. ‘शांतता!’ १९६७ चे. ‘सखाराम बाइंडर’ आणि ‘घाशीराम कोतवाल’ १९७२ ची. त्यानंतर ‘सामना’ आणि ‘निशांत’ १९७५, ‘मंथन’ १९७६, ‘सिंहासन’ १९७९, ‘आक्रोश’ १९८०, ‘आक्रीत’ १९८१, ‘उंबरठा’ १९८२, ‘अर्धसत्य’ १९८३. आठ-नऊ वर्षांत आठ महत्त्वाचे चित्रपट, तेही जब्बार पटेल, श्याम बेनेगल, गोविंद निहलानी आणि अमोल पालेकर अशा वेगवेगळ्या प्रकृतीच्या दिग्दर्शकांसाठी. ‘मंथन’च्या पटकथेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. याच काळात ‘कमला’ (१९८१) आणि ‘कन्यादान’ (१९८३) ही नाटकेही आली. म्हणजे त्यांनी एक घर सोडून दुसरे घर केले नाही. दोन्ही घरांत ते एकाच वेळी राहत होते. तेव्हा ‘नाटक सोडून सिनेमात का गेले’ हा प्रश्नच बाद ठरतो. कोणती गोष्ट कोणत्या घरात नेली आणि का, हे विचारले पाहिजे.

आधीच्या पिढीची वाट

मराठी नाटककार सिनेमात जाणे ही तेंडुलकरांपासून सुरू झालेली गोष्ट नव्हे. १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’पासून मराठी सिनेमा बोलू लागला आणि बोलण्यासाठी त्याला बोलणारी माणसे लागली. ती रंगभूमीवर तयारच होती. नाटक कंपन्या बुडत होत्या, नट आणि गायक स्टुडिओच्या दारात उभे होते, त्यांच्या मागोमाग लेखकही गेले. आचार्य अत्रे यांचे उदाहरण सर्वांत ठळक. मास्टर विनायकांसाठी त्यांनी ‘धर्मवीर’ (१९३७), ‘ब्रह्मचारी’ (१९३८) लिहिले आणि पुढे स्वतःच दिग्दर्शित केलेल्या ‘श्यामची आई’ला १९५४ मध्ये पहिले राष्ट्रपती सुवर्णपदक मिळाले.

त्या पिढीने सिनेमाला जे दिले ते मुख्यतः संवाद. नाटकात टाळी घेणारे वाक्य पडद्यावरही टाळी घेई. त्या दृष्टीने त्यांचे स्थलांतर सोपे होते. ओळखीचे सामान घेऊन नव्या गावी जाण्यासारखे. तेंडुलकरांच्या बाबतीत नेमके हेच सामान मागे राहिले.

संवाद कोणाचे?

तेंडुलकरांची नाटककार म्हणून ओळख कशाने झाली, असे कोणालाही विचारा. उत्तर येईल, भाषेने. तुटक, अपुरी राहणारी, बोलता बोलता चावा घेणारी वाक्ये. ‘गिधाडे’मधली शिवराळ भाषा असो, सखारामची फुशारकी असो किंवा काशीकरांचे साळसूद बोलणे असो, हिंसा तिथे आधी जिभेवर येते, मग हातात.

आता त्यांच्या हिंदी चित्रपटांची श्रेयनामावली पाहू. ‘निशांत’चे संवाद सत्यदेव दुबे यांचे. ‘मंथन’चे कैफी आझमी यांचे. ‘आक्रोश’चे पुन्हा दुबे यांचे. ‘अर्धसत्य’चे वसंत देव यांचे. ज्या लेखकाचे सारे वैभव वाक्यात होते, त्याने असे काम पत्करले की ज्यात वाक्य दुसऱ्याचे असणार. पटकथेसाठी त्यांना सन्मान मिळाले, त्यांपैकी हिंदी चित्रपटांत ऐकू येणारे शब्द इतरांनी लिहिलेले आहेत.

मराठी चित्रपटांत, म्हणजे ‘सामना’, ‘सिंहासन’, ‘उंबरठा’ यांत, त्यांची भाषा ऐकू येते. पण हिंदीत त्यांच्याकडे काय उरले? प्रसंगांची जुळणी उरली. कोण कोणाकडे कधी पाहतो, हे उरले. कोणती माहिती कोणत्या क्षणापर्यंत दाबून ठेवायची, हे उरले. आणि कोण बोलत नाही, हेही उरले. अनुवादाची गरज नसलेली लेखकाची एकच गोष्ट असते, ती म्हणजे मौन. मला वाटते, परक्या भाषेत काम करण्याच्या या अडचणीतूनच तेंडुलकरांना पटकथेतले त्यांचे सर्वांत मोठे साधन सापडले.

दोन कोर्टे

आता मूळ प्रश्नाकडे येऊ. ‘शांतता!’मध्ये एक हौशी नाटकमंडळी खेडेगावी प्रयोगाला येते. वेळ घालवण्यासाठी लुटुपुटीचा खटला भरते आणि आरोपी म्हणून आपल्यातल्याच लीला बेणारेला उभे करते. आरोप भ्रूणहत्येचा. खेळ हळूहळू शिकारीत बदलतो. बेणारेचे खासगी आयुष्य, तिचा प्राध्यापक दामलेंशी असलेला संबंध, तिचे गरोदरपण, सारे चव्हाट्यावर येते. शेवटी न्यायाधीश झालेले काशीकर तिला बचावासाठी दहा सेकंद देतात.

आणि ती बोलते. मराठी रंगभूमीवरच्या गाजलेल्या स्वगतांपैकी ते एक आहे. सुलभा देशपांडे यांच्यानंतर कितीतरी अभिनेत्रींनी ते पेलले, स्पर्धांत म्हटले, नाट्यशाळांच्या प्रवेशपरीक्षांना पाठ केले. पण ते बारकाईने वाचले की एक गोष्ट दिसते. बेणारे बोलू लागते तेव्हा इतर पात्रे जागच्या जागी गोठलेली असतात. स्वगत संपते, प्रकाश पूर्ववत होतो, आणि काशीकर दिलेली वेळ संपल्याचे सांगतात. म्हणजे त्या कोर्टाच्या हिशेबाने बेणारे एक अक्षरही बोललेली नाही. ती दहा सेकंद गप्प उभी होती. जे आपण ऐकले ते तिच्या मनातले होते आणि ते फक्त आपल्याला ऐकू आले.

हे स्वगत आधी नाटकात नव्हते, दिग्दर्शक अरविंद देशपांडे यांच्या आग्रहाने ते नंतर लिहिले गेले, असे नाट्यवर्तुळात सांगितले जाते. ते खरे असेल तर लेखकाचा मूळ कल बेणारेला गप्पच ठेवण्याचा होता. रंगभूमीने, तिथल्या व्यवहाराने, नटीच्या आणि प्रेक्षकाच्या गरजेने तिला बोलते केले.

१९७१ मध्ये याच नाटकावर सत्यदेव दुबे यांनी चित्रपट केला. त्याचे छायाचित्रण गोविंद निहलानी यांचे. पुढे बेनेगलांच्या ‘निशांत’ आणि ‘मंथन’चे छायाचित्रणही त्यांनीच केले आणि १९८० मध्ये दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट केला तो ‘आक्रोश’. त्याचे संवाद दुबे यांचे, कथा-पटकथा तेंडुलकरांची. ज्या मंडळींनी मिळून बेणारेचे बोलणे चित्रित केले होते, त्याच मंडळींनी नऊ वर्षांनी लहान्या भिकूचे न बोलणे चित्रित केले.

‘आक्रोश’मध्ये लहान्या या आदिवासी मजुरावर बायकोच्या, नागीच्या, खुनाचा आरोप आहे. कोर्टाने नेमून दिलेला तरुण वकील भास्कर कुलकर्णी त्याची पहिलीच केस लढवतो आहे. समोर सरकारी वकील आहे दुसाने, स्वतः आदिवासी, वर चढलेला, आणि त्या चढण्याची किंमत निमूटपणे मोजणारा. गावातल्या प्रतिष्ठितांनी नागीवर अत्याचार केला, हे आपल्याला तुकड्यातुकड्यांनी कळते. कळते ते लहान्याच्या तोंडून नव्हे. त्याच्या आठवणीत येणाऱ्या दृश्यांतून, भास्करच्या धडपडीतून. ओम पुरींचे डोळे आणि समोरच्यांचे प्रश्न, यांवर चित्रपटाचा मोठा भाग उभा आहे.

आता दोन्ही कोर्टे शेजारी ठेवून पाहा. दोन्हीकडे आरोपी कोर्टापुढे गप्प आहे. दोन्हीकडे कोर्टाला सत्य नको आहे. फरक इतकाच की रंगमंचावर लेखकाने प्रेक्षकाला आरोपीच्या मनात शिरण्याची मुभा दिली आणि पडद्यावर शब्दांची ती मुभा काढून घेतली. नाटकात प्रेक्षक बेणारेच्या बाजूला बसतो, कारण तिचे गुपित त्याला ठाऊक झालेले असते. सिनेमात तो भास्करच्या बाजूला बसतो आणि वैतागतो. आमच्या चौकातला तो माणूस वैतागला होता तसाच. लहान्या बोलत नाही याचा राग येणे, हा पटकथेने लावलेला सापळा आहे. राग येतो तोवर आपण कोर्टाच्या बाजूने असतो. मागे बसलेल्या बाईला राग आला नाही. ती सापळ्यात सापडली नाही, कारण ती आधीपासून लहान्याच्या बाजूला होती.

म्हणून मला ‘आक्रोश’ची पटकथा म्हणजे ‘शांतता!’चे दुसरे लेखन वाटते. १९६७ मध्ये लेखकाने जे करायचे टाळले किंवा जे त्याला करू दिले गेले नाही, ते त्याने १९८० मध्ये केले.

याची किंमतही मोजावी लागली आणि तीही सांगितली पाहिजे. चित्रपटाच्या शेवटी लहान्याला बापाच्या अंत्यविधीसाठी पोलीस बंदोबस्तात आणतात. तिथे तो कुऱ्हाड उचलून आपल्या तरुण बहिणीला मारतो, तिच्या वाट्याला नागीचे भोग येऊ नयेत म्हणून, आणि मग आकाशाकडे पाहून ओरडतो. हा शेवट अंगावर येतो. पण तो पाहताना मनात येते की पुरुषाच्या मौनाला इथे अर्थ आहे, किंचाळीलाही आहे. नागीला आणि त्या बहिणीला मात्र दोन्ही नाही. त्या फक्त घडलेल्या गोष्टीचा पुरावा आहेत. बेणारेला निदान आपली बाजू मांडायला काही पाने मिळाली होती. नाटकाकडून पटकथेकडे येताना तेंडुलकरांच्या हातून काही निसटले असेल, तर ते हे. ‘उंबरठा’तली सुलभा महाजन, शांता निसळ यांच्या ‘बेघर’ कादंबरीतून आलेली, याला अपवाद आहे. ती बोलते, आणि मराठीत बोलते, हा योगायोग मला वाटत नाही.

श्रेय दिग्दर्शकाचे की लेखकाचे?

इथे एक रास्त शंका येईल. सिनेमा अनेकांचा असतो. लहान्याचे मौन निहलानींचे नाही कशावरून? ओम पुरींचे नाही कशावरून? नुसत्या ‘आक्रोश’वरून हे ठरवता येणार नाही. म्हणून वेगळ्या दिग्दर्शकाचा, वेगळ्या भाषेतला चित्रपट घेऊ.

‘सामना’ हा जब्बार पटेल यांचा पहिला चित्रपट, रामदास फुटाणे यांची निर्मिती. १९७५ च्या बर्लिन महोत्सवात तो दाखवला गेला. साखरपट्ट्यातला सत्ताधीश हिंदुराव धोंडे पाटील (निळू फुले) आणि दारूच्या आहारी गेलेला एक मास्तर (श्रीराम लागू) यांच्यातली ही झुंज. वरवर पाहता हा बोलका चित्रपट आहे. दोन नाट्यसिद्ध नट समोरासमोर, आणि तेंडुलकरांचे मराठी संवाद. पण चित्रपटाचा कणा आहे मारुती कांबळे. कथेच्या वर्तमानात तो नाहीच. त्याचे पुढे काय झाले, एवढा एकच प्रश्न मास्तर पुनःपुन्हा विचारत राहतो आणि तेवढ्याने हिंदुरावाचे साम्राज्य आतून पोखरत जाते. जो बोलू शकत नाही त्याच्याभोवती बोलणाऱ्यांना फिरवायचे, ही रचना ‘आक्रोश’च्या पाच वर्षे आधीची आहे. दिग्दर्शक वेगळा, छायाचित्रकार वेगळा, भाषा वेगळी. दोन्हीकडे सारखा आहे तो पटकथाकार.

उलट बाजूचा पुरावाही आहे. ‘घाशीराम कोतवाल’चा चित्रपट १९७६ मध्ये फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या तरुणांनी ‘युक्त’ या सहकारी संस्थेतर्फे केला. पटकथा तेंडुलकरांचीच. पण ‘घाशीराम’चा प्राण होता ब्राह्मणांच्या रांगेची ती मानवी भिंत. ती कधी पडदा होई, कधी रस्ता, कधी कुजबुजणारे शहर. रंगमंचावर भिंत नसते म्हणून माणसांची भिंत करायची, या गरजेतून ती जन्मली. कॅमेऱ्याला खरी भिंत, खरा वाडा, खरे आकाश मिळते. तिथे त्या युक्तीची निकड संपते. तो चित्रपट धाडसी आहे, त्याचे प्रश्न मोठे आहेत, पण नाटकाने जे केले ते तो करू शकत नाही. यातून एवढे कळते की तेंडुलकरांची जी पटकथा नाटकावरून थेट आली ती अडखळली आणि जी मुळातच सिनेमासाठी रचली गेली ती उभी राहिली.

रंगमंचावर काय उरले

सिनेमाने नाटककाराचे काय केले, याचा दुसरा अर्धा भाग रंगमंचावर शोधावा लागतो. ‘घाशीराम’नंतर तेंडुलकरांच्या नाटकांतली गर्दी कमी झाली. खेडे, मोर्चा, कारखाना, विधानसभा हे सारे पडद्यावर गेले. रंगमंचावर दिवाणखाना राहिला. ‘कमला’ पत्रकार जयसिंग जाधवच्या घरात घडते, ‘कन्यादान’ नाथ देवळालीकरांच्या घरात. बाहेरचे जग या घरांत पाहुण्यासारखे येते आणि घर उद्ध्वस्त करून जाते. ही विभागणी लेखकाने ठरवून केली, असे मी म्हणणार नाही. पण दोन माध्यमांत एकाच वेळी लिहिणाऱ्याच्या हातून ती झाली, हे दिसते.

‘कमला’ ‘आक्रोश’नंतरच्या वर्षीची. जयसिंगने बातमीसाठी बाजारातून विकत आणलेली आदिवासी बाई, कमला, या नाटकात फार थोडा वेळ रंगमंचावर आहे. ती थोडेच बोलते. पण जयसिंगच्या बायकोला, सरिताला, ती सहजपणे विचारते की तुला कितीला घेतले. सुशिक्षित घराचा पाया हलवायला तो एक प्रश्न पुरतो. पडद्यावरचा आदिवासी बोलत नाही, म्हणून भय वाटते. रंगमंचावरची आदिवासी बाई एकच वाक्य बोलते, म्हणून भय वाटते. नुसते मौन रंगमंचावर फार काळ टिकत नाही. मागच्या रांगेतल्या प्रेक्षकाला डोळे दिसत नाहीत. तिथे मौनाच्या कडेला एक वाक्य ठेवावेच लागते. पण ‘कमला’तले ते वाक्य इतके काटकसरीने आले आहे की पटकथा लिहून आलेल्या हाताचा त्यात मला भास होतो.

विदर्भाचा साक्षीदार

‘आक्रोश’मध्ये एक तरुण सामाजिक कार्यकर्ता आहे. आदिवासींत काम करणारा, मोजके बोलणारा. ही भूमिका केली आहे महेश एलकुंचवार यांनी. यवतमाळ जिल्ह्यातील पारव्यात जन्मलेले, नागपुरात इंग्रजी शिकवणारे आमचे एलकुंचवार. त्यांची नाटककार होण्याची गोष्ट त्यांनीच सांगितलेली आहे. १९६५ च्या सुमारास नागपुरात सिनेमाला गेले, तिकीट मिळाले नाही, म्हणून नाटकाला जाऊन बसले. नाटक होते तेंडुलकरांचे ‘मी जिंकलो! मी हरलो!’, दिग्दर्शन विजया मेहता यांचे. त्या रात्रीने त्यांना नाटककार केले. ‘सुलतान’ ही एकांकिका १९६७ मध्ये ‘सत्यकथे’त आली आणि विजयाबाईंचेच लक्ष तिच्याकडे गेले.

सिनेमाचे तिकीट न मिळाल्यामुळे नाटकाला मिळालेला हा लेखक १९८४ मध्ये पटकथाकार म्हणून दोनदा दिसतो. केतन मेहतांचा ‘होली’ आणि निहलानींचा ‘पार्टी’, दोन्ही त्यांच्याच नाटकांवरून. ‘होली’च्या पटकथेत ते दिग्दर्शकाबरोबर आहेत. वसतिगृहातल्या पोरांच्या दंग्याची ती गोष्ट मेहतांनी लांबच लांब शॉटमध्ये पकडली. लांब शॉट म्हणजे नाटकाच्या अखंड वेळेचा सिनेमातला सख्खा भाऊ. नाटकाचा श्वास न तोडता ते माध्यम बदलले गेले.

‘पार्टी’ तर साऱ्या मराठी साहित्यव्यवहाराला दाखवलेला आरसा आहे. दमयंती राणे यांच्या बंगल्यावर दिवाकर बर्वे या पुरस्कारप्राप्त लेखकाच्या सन्मानाची मेजवानी चालू आहे. सगळे बोलताहेत, आणि बोलणे अमृतकडे वळते. अमृत हा कविता सोडून आदिवासींत काम करायला गेलेला कवी. तो मेजवानीला नाही. चित्रपटाच्या अखेरीस त्याच्या मृत्यूची बातमी येते आणि मग दुःस्वप्नासारखा तो दिसतो, रक्ताळलेला, निःशब्द. ‘आक्रोश’मधल्या त्या कार्यकर्त्याच्या जागी चार वर्षांपूर्वी एलकुंचवार स्वतः उभे होते, हे लक्षात ठेवून हे दृश्य पाहिले की काटा येतो. मेजवानीतल्या शब्दांच्या पुरावर ते एक मूक चित्र पुरून उरते.

तेंडुलकर दोन्ही घरांत राहिले. एलकुंचवार पडद्याच्या घरी पाहुणे म्हणून गेले आणि परत आले. १९८५ मध्ये ‘वाडा चिरेबंदी’ रंगमंचावर आले. धरणगावच्या देशपांड्यांच्या त्या वाड्यातली भाषा आमची आहे, कर्ज आमचे आहे, अंगणात निकामी पडून राहिलेला ट्रॅक्टर आमचा आहे. आणि वाड्यातली तरुण मुलगी रंजू सिनेमाच्या वेडाने मुंबईला पळते. तिकडून लेखक परतला, इकडून रंजू निघाली.

बार्शीटाकळीहून पाहताना

एवढा खटाटोप मी का केला, हे सांगून थांबतो. पुण्या-मुंबईच्या वाचकाला नाटककार सिनेमात जातो तेव्हा काहीतरी हरवल्यासारखे वाटते, कारण त्याने ते नाटक पाहिलेले असते. आमच्याकडे तसे नव्हते. झाडीपट्टीसारखी हंगामी नाटकाची परंपरा आमच्या बाजूला नाही. दंडार होती, ती विरत गेली. ‘सखाराम बाइंडर’वरचा गदारोळ आम्ही वर्तमानपत्रात वाचला, नाटक पुस्तकात वाचले. चांगले नाटक अकोल्यात कधीमधी येई आणि रात्री प्रयोग सुटल्यावर परतायला एसटी नसे. तेंडुलकर आमच्या गावी आले ते पडद्यावरून. तेही चुकून उचललेल्या कॅसेटमधून. त्यांचे पटकथेकडे जाणे हे आमच्या बाजूने पाहिले तर आमच्याकडे येणे होते.

म्हणून पटकथेला टाचण म्हणणे मला मान्य होत नाही. ज्या लेखनाने कापसाच्या रानातून दमून आलेल्या बाईला एका वाक्याची जागा दिली, ते साहित्य आहे की नाही, हे परिसंवादातून ठरणार नाही. मात्र ते जपले जाईल की नाही, हे आपणच ठरवणार आहोत. आमच्या वाचनालयात तेंडुलकरांची नाटके ओळीने आहेत, बायंडिंग उसवलेली, म्हणजे वाचली गेलेली. त्या कपाटात पटकथा जवळजवळ नाहीत. विद्यापीठांत नाटकाच्या अभ्यासक्रमात ‘शांतता!’ असते, तिच्या शेजारी ‘आक्रोश’ची पटकथा ठेवून दोन्ही एकत्र वाचायला लावणारा शिक्षक मला अजून भेटलेला नाही. दोन कोर्टे शेजारी ठेवल्याशिवाय त्यांतले काहीच पुरते कळत नाही, एवढे मी माझ्या अनुभवाने सांगू शकतो.

मागच्या वर्षी मी ‘आक्रोश’ पुन्हा पाहिला, या वेळी मोबाइलवर, एकट्याने. लहान्याच्या डोळ्यांकडे पाहताना मागून कोणी काही बोलेल, असे उगीच वाटत राहिले. ती बाई आता हयात नाही. तिचे नाव मी तेव्हा विचारले नव्हते.